परदेशातल्या राजकीय उलथापालथी: मुंबईत बसून खरं कसं ओळखायचं?

परळकर

नमस्कार मंडळी. मी लोअर परळला एका गारमेंट बाइंग ऑफिसात आहे. आमचा बराचसा माल ढाक्याजवळच्या गाझीपूर आणि आशुलियातल्या कारखान्यांतून येतो. त्यामुळे जुलै-ऑगस्ट २०२४ मध्ये बांगलादेशात जे झालं ते मी रोज, तास-दर-तास बघत होतो.

१८ जुलैला तिथलं इंटरनेट बंद झालं आणि आमच्या तिथल्या मर्चंडायझरशी संपर्क तुटला. लाइन पुन्हा सुरू झाल्यावर तो जे सांगत होता त्याचा आणि इथल्या टीव्हीवर जे चाललं होतं त्याचा मेळच बसेना. तो सांगत होता सरकारी नोकऱ्यांमधल्या स्वातंत्र्यसैनिकांच्या वारसांसाठीच्या ३० टक्के कोट्याबद्दल, रंगपूरला हात पसरून उभ्या असलेल्या आंदोलक विद्यार्थी अबू सईदवर पोलिसांनी झाडलेल्या गोळ्यांबद्दल, कर्फ्यूबद्दल. इथे स्टुडिओत वाद चालला होता की यामागे अमेरिका आहे, पाकिस्तान की चीन. ५ ऑगस्टला पंतप्रधान शेख हसीना देश सोडून दिल्लीजवळच्या हिंडनच्या हवाई तळावर उतरल्या. त्यानंतर आपल्या बहुतेक वाहिन्यांवर एकच विषय उरला, हिंदूंवरचे हल्ले. बीबीसी लावावं तर गणभवनात, म्हणजे पंतप्रधानांच्या निवासात, शिरलेली तरुणांची गर्दी आणि जल्लोष, हल्ल्यांचा उल्लेख पुष्कळ खाली. अल जझीराचं तिसरंच.

मला यातलं कोणी सरसकट खोटं बोलत होतं असं वाटत नाही. पण प्रत्येकाने आपल्याला हवा तेवढाच तुकडा उचलला, आणि तेच मला जास्त घातक वाटतं, कारण तुकडा खरा असल्यामुळे आपण तो पूर्ण म्हणून स्वीकारतो. माझ्या कामात चुकीच्या अंदाजाने ऑर्डर हलवली तर तिकडे शिवणकाम करणाऱ्या बायकांची कामं जातात. मतदार म्हणूनही शेजारच्या देशाबद्दलचं आपलं मत यातूनच बनतं.

तुम्ही काय वाचता? कसं ताडून बघता? अनुभव लिहा, नुसत्या शिव्या नकोत.

डोंबिवली_फास्ट

दादरपासून उभ्याने वाचत आलो, ठाण्याला चौथी सीट मिळाली तेव्हा टाइप करायला घेतलं. मी मोठे चॅनल बघणं सोडलंय. तिथल्या सामान्य लोकांचे व्हिडिओ बघतो. संपादक नाही, मालक नाही, मध्ये कोणीच नाही.

स्वाती_बोरिवली

@डोंबिवली_फास्ट, मध्ये कोणी नाही असं वाटतं, पण तो व्हिडिओ आपल्यापर्यंत कोणीतरी ओळ जोडूनच पाठवलेला असतो. मी मास मीडियाला आहे. ऑगस्ट २०२४ चंच उदाहरण आम्ही वर्गात घेतलं होतं. जळणाऱ्या एका घराचा व्हिडिओ फिरला, 'हिंदू क्रिकेटपटू लिटन दासचं घर पेटवलं' म्हणून. आमच्या बिल्डिंगच्या ग्रुपवरही आला होता. ते घर नडाईलचं, मशरफे मुर्तझाचं. तोही क्रिकेटपटू, माजी कर्णधार, पण हसीनांच्या अवामी लीगचा खासदार. आग खरी, व्हिडिओ खरा, क्रिकेटपटूही खरा. फक्त माणूस बदलला की राजकीय सूडाची बातमी धार्मिक होते.

असंच २०१९ मध्ये व्हेनेझुएलाचं झालं होतं. २३ फेब्रुवारीला कोलंबियाच्या सीमेवरच्या पुलावर मदतीचा ट्रक जळाला. तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष मादुरो यांच्या लोकांनी तो पेटवला असं अमेरिकी नेत्यांनी लगेच जाहीर केलं आणि जगभर तेच छापून आलं. दोन आठवड्यांनी न्यूयॉर्क टाइम्सने सगळी चित्रफीत सलग लावून पाहिली, तर सरकारविरोधी गर्दीतूनच फेकलेल्या पेटत्या बाटलीमुळे ती आग लागली असावी असं दिसलं. तोवर त्या ट्रकवरून भाषणं होऊन गेली होती.

अभय_पार्ले

धागाकर्त्यांनी सुरुवातीलाच तागडी झुकवली आहे असं स्पष्ट लिहितो. हिंदूंवर हल्ले झाले नव्हते का? बांगलादेशातल्या हिंदू-बौद्ध-ख्रिश्चन ऐक्य परिषदेने ४ ते २० ऑगस्टमधल्या २,०१० घटनांची नोंद दिली आहे. आपल्या वाहिन्यांनी हे दाखवलं नसतं तर लंडन-न्यूयॉर्कवाल्यांनी ते कधीच दाखवलं नसतं.

पाश्चात्त्यांच्या निःपक्षपातीपणाचं कौतुक मला सांगू नका. मंगळयान पोचलं तेव्हा त्याच न्यूयॉर्क टाइम्सने व्यंगचित्र छापलं होतं, गाय घेऊन आलेला शेतकरी श्रीमंतांच्या क्लबचं दार ठोठावतोय म्हणून. मागाहून माफी मागितली. २०२१ मध्ये दिल्लीतल्या चितांचे वरून काढलेले फोटो त्यांनी पहिल्या पानावर लावले. स्वतःच्या देशात असे मृतदेह त्यांनी कधी दाखवले? आम्ही कसे मरतो हे जगाने बघायचं आणि त्यांचं दुःख मात्र पडद्याआड ठेवायचं. याची चीड येते आणि ती मी लपवणार नाही.

मंजिरी_मुलुंड

चितांच्या फोटोंबद्दल +१. माझ्या आतेभावाचे अंत्यसंस्कार त्याच महिन्यात झाले. वरून ड्रोनने टिपलेल्या त्या ज्वाळांमध्ये कोणाचं तरी घर होतं.

सुमेधा_गिरगाव

मी फोर्टमधल्या एका दैनिकात परदेशी बातम्यांच्या डेस्कवर नोकरी केली, आता निवृत्त आहे. बातमी वाकते कुठे ते आतून पाहिलंय, म्हणून जरा लांब लिहिते.

मराठी वाचकाला परदेशातली जी बातमी मिळते ती बहुतेक वेळा मूळची रॉयटर्स, एपी किंवा एएफपी या तीन एजन्सींची असते. लंडन, न्यूयॉर्क, पॅरिस. आपल्या भाषांतल्या दैनिकांचे परदेशात कायमचे वार्ताहर जवळपास नाहीतच. इंग्रजी दैनिकांचेही बोटांवर मोजावेत इतकेच. म्हणजे कोलंबोत काय झालं हे गिरगावातल्या माणसाला कळायला ती बातमी आधी दुसऱ्या खंडातल्या डेस्कवरून फिरून यावी लागते. पीटीआयचे वार्ताहर शेजारी देशांत आहेत, तेवढाच आधार.

आता रात्रीचं काम कसं चालायचं ते सांगते. बाहेरगावी जाणाऱ्या डाक आवृत्तीचं पान लवकर सोडायचं असे. समोर पाचशे शब्दांची कॉपी, आणि जागा दीडशे शब्दांची. काय कापायचं? खालून कापायचं, हा नियम, कारण बातमी लिहितानाच महत्त्वाचं वर आणि पार्श्वभूमी खाली असते. आंदोलन का पेटलं, आधी दहा वर्षं काय साचलं होतं, दुसरी बाजू काय म्हणते, हे सगळं खालच्या परिच्छेदांत. आम्ही रोज रात्री नेमकी कारणं कापत होतो आणि दगडफेक ठेवत होतो. कोणाचा फोन येत नव्हता, मालक काही सांगत नव्हते. तरी सकाळी वाचकाच्या हातात पडणारा बांगलादेश म्हणजे दगड मारणारे लोक.

अभयराव, तुमच्या मुद्द्याकडे येते. हल्ले झाले, निश्चित झाले. ढाक्याच्याच 'प्रथम आलो' या दैनिकाने आपले वार्ताहर जिल्ह्याजिल्ह्यांत पाठवून अल्पसंख्याकांची १,०६८ घरं आणि दुकानं मोजली, आणि त्यांतल्या किती मालकांचा अवामी लीगशी संबंध होता हेही लिहिलं. मला हे काम सर्वांत मोलाचं वाटतं, कारण त्यांनी हल्ले लपवले नाहीत आणि फुगवलेही नाहीत. पुढे १२ फेब्रुवारी २०२५ ला संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार कार्यालयाचा अहवाल आला. १ जुलै ते १५ ऑगस्टमध्ये १,४०० पर्यंत माणसं मारली गेली असावीत, बहुतेक सुरक्षा दलांच्या गोळ्यांनी, असं त्यात आहे. हिंदूंवरच्या हल्ल्यांचीही नोंद त्याच अहवालात आहे. पण आपल्याकडे काहींनी दुसरा भाग उचलला, बाहेर बहुतेकांनी पहिला. अहवाल एकच होता, हो!

डोंबिवली_फास्ट

काकू, 'आम्ही कारणं कापत होतो' हे वाक्य लिहून ठेवलं. घरी पोचलो, आता नीट वाचतो.

प्रा_कुलकर्णी

सुमेधाताईंनी डेस्कवर जे पाहिलं त्याचा अभ्यास १९६५ मध्ये झाला आहे. योहान गाल्टुंग आणि मारी होल्म्बो रूगे या नॉर्वेच्या दोन अभ्यासकांनी काँगो, क्युबा आणि सायप्रस या तीन राजकीय पेचप्रसंगांच्या बातम्या नॉर्वेच्या चार दैनिकांत कशा आल्या ते तपासलं. कोणती घटना बातमी होते याचे निकष त्यांनी काढले. घटना अचानक घडलेली असावी, तिच्यात संदिग्धता कमी असावी, ती वाचकाच्या संस्कृतीला जवळची असावी, बलाढ्य देशांशी आणि बड्या माणसांशी जोडलेली असावी, आणि वाईट असावी. दूरच्या, गरीब देशातली हळूहळू वाढणारी समस्या यातल्या बहुतेक चाळण्यांतून जात नाही. ती दिसते थेट स्फोट झाल्यावर.

श्रीलंकेचं उदाहरण घ्या. ९ जुलै २०२२ ला कोलंबोत लोक राष्ट्राध्यक्षांच्या निवासात घुसले आणि तिथल्या तरणतलावात उड्या मारणाऱ्यांचं चित्र जगभर गेलं. त्यामागची कारणं फार आधीची होती: २०१९ च्या अखेरची मोठी करकपात, ईस्टरच्या बॉम्बस्फोटांनी आणि मग कोविडने बसलेलं पर्यटन, एप्रिल २०२१ ची रासायनिक खतांवरची बंदी. शेतकरी तेव्हापासून रस्त्यावर होते. पण भाताचं पीक बुडाल्याचं चित्र तरणतलावासारखं दिसत नाही.

आणि स्पष्टीकरण कोणतं लोकप्रिय झालं? चीनचा कर्जसापळा. दिल्लीलाही ते सोयीचं, वॉशिंग्टनलाही. हंबनटोटा बंदर ९९ वर्षांच्या कराराने चिनी कंपनीकडे गेलं हे खरंच आहे. पण श्रीलंकेच्या परदेशी कर्जात चीनचा वाटा, मोजण्याच्या पद्धतीप्रमाणे, एक दशांश ते एक पंचमांशाच्या आसपास होता. सर्वांत मोठा वाटा आंतरराष्ट्रीय बाजारात विकलेल्या रोख्यांचा होता, आणि त्यांचे बरेचसे धारक अमेरिका-युरोपातले फंड. हे किती ठिकाणी मथळ्यात वाचलंत?

दिनू_माहीम

दूर कशाला जायचं. २६/११ ला जगाने मुंबईला कसं दाखवलं ते आठवा. धूर येणारा ताजचा घुमट. आजही परदेशात ती तारीख काढली की तेच चित्र. सीएसटीला ५८ माणसं गेली, कुठल्याही एका ठिकाणच्या मृतांत ती सर्वांत जास्त. गावी जाणारी, गाडीची वाट बघत सामानावर बसलेली माणसं. त्यांच्याबद्दल बाहेर किती आलं? कसाबचा तो बंदूक घेतलेला फोटोही इथल्याच एका छायाचित्रकाराने, सबॅस्टियन डिसोझा यांनी, जीव धोक्यात घालून काढला म्हणून जगाला निदान स्टेशन दिसलं.

यात ताजमधल्यांचं दुःख कमी आहे असं मला म्हणायचं नाही. प्रा. कुलकर्णींनी निकष दिलेत त्यांत हे चपखल बसतं. हॉटेलात परदेशी पाहुणे होते आणि गोळीबार जवळपास ६० तास चालला, त्यामुळे कॅमेरे रस्त्यापलीकडे मांडायला वेळ होता. सीएसटीचं तास-दीड तासात संपलं होतं. त्या कॅमेऱ्यांनी काय केलं हेही विसरू नका. कमांडोंच्या हालचाली थेट दाखवल्या आणि पलीकडचे सूत्रधार ते बघत होते. २०१२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने यावर वाहिन्यांना कडक शब्दांत सुनावलं आहे.

मी तेव्हा सेंट जॉर्ज रुग्णालयाच्या आवारात होतो. यापेक्षा जास्त लिहवत नाही.

नसीम_कुर्ला

दिनूभाऊ, तुमचा प्रतिसाद वाचून थांबले होते थोडा वेळ.

माझं माहेर महाडचं, भाऊ दोह्यात नोकरीला. आमच्याकडे अल जझीरा इंग्लिश रोज लागतं. गाझाबद्दल त्यांनी जे केलं ते दुसऱ्या कोणी केलं नाही, कारण त्यांची माणसं तिथलीच होती. ऑक्टोबर २०२३ नंतर इस्रायलने परदेशी पत्रकारांना स्वतंत्रपणे आत जाऊ दिलं नाही, लष्कराच्या सोबतीने फिरवून आणलं तेवढंच. म्हणजे न्यूयॉर्कचा वार्ताहर जेरुसलेममधून लिहिणार आणि गाझातून लिहिणारा स्थानिक मुलगा रोज मारला जाण्याच्या भीतीत. अनेक मारलेही गेले. तरी त्यांच्याच बातमीवर आधी शंका घ्यायची हे मला पटत नाही.

पण याच चॅनलवर कतारच्या अमीरांना अडचणीचे प्रश्न विचारलेले मी बघितलेले नाहीत. पैसा कतारचा आहे. २०१७ मध्ये सौदी आणि अमिरातीने कतारची नाकेबंदी केली तेव्हा त्यांच्या १३ मागण्यांत अल जझीरा बंद करा ही एक मागणी होती. चॅनल बंद करण्यासाठी देशाची नाकेबंदी होते, यावरून ते चॅनल काय काम करतं हे समजा.

म्हणून माझी साधी पद्धत आहे. ज्याचं चॅनल त्याच्या घरची बातमी तिथे बघायची नाही, शेजाऱ्याची बघायची. कतारची बातमी बीबीसीवर, ब्रिटनची अल जझीरावर.

अभय_पार्ले

@नसीम, ही पद्धत आवडली. मग भारताची बातमी कुठे बघायची? अल जझीरावर भारत म्हणजे फक्त मुसलमानांवरचे अत्याचार.

नसीम_कुर्ला

अभयजी, भारतात मी राहते. कुर्ल्याची बातमी मला खिडकीतून दिसते. त्यांच्या भारतावरच्या बातम्यांत पुष्कळ सुटतं, मान्य. पण जे दाखवतात त्यातलं काही इथलं कोणीच दाखवत नाही, हेही माझ्या बाजूने मान्य करा.

अभय_पार्ले

'काही' मान्य. पुढे नाही.

रेवसचा_नाखवा

मर्चंट नेव्हीत चीफ ऑफिसर आहे, सध्या रजेवर अलिबागला. कोणाच्या प्रतिसादात सुदान आलं नाही म्हणून लिहितो.

युद्ध १५ एप्रिल २०२३ ला सुरू झालं. एका बाजूला बुरहानचं लष्कर, दुसऱ्या बाजूला हेमेदतीचं आरएसएफ हे निमलष्करी दल. एक कोटीहून जास्त माणसं घरं सोडून गेली आहेत, जगात याहून मोठं विस्थापन सध्या नाही असं मदतसंस्था सांगतात. आपल्याकडे सुदान किती दिवस होतं? ऑपरेशन कावेरी चाललं तेवढंच. पोर्ट सुदानवरून जेद्दामार्गे आपली ३,८६२ माणसं परत आणली. नौदलाने आणि हवाई दलाने फार मोठं काम केलं, मला अभिमान आहे. पण आपला शेवटचा माणूस बाहेर पडला आणि आपल्या टीव्हीवरून तो देशच पुसला गेला. युक्रेनच्या वेळी ऑपरेशन गंगा संपलं तरी युक्रेन राहिलं, कारण पाश्चात्त्य वाहिन्यांनी ते राहू दिलं. ऑक्टोबर २०२५ मध्ये एल फाशर शहर आरएसएफच्या हाती पडलं, माणसं रांगेने मारली, तेव्हा इथे कितीजणांनी ऐकलं?

पोर्ट सुदानच्या धक्क्यावर युद्ध सुरू झाल्यानंतर मी गेलोय. माल चढवणाऱ्या-उतरवणाऱ्या स्टीव्हडोअरच्या माणसांमध्ये खार्तुमहून पळून आलेला एक इंजिनिअर होता, गोण्या मोजायला लागलेला. त्याने मला विचारलं, तुमच्याकडे आमच्याबद्दल काय सांगतात? काही सांगत नाहीत, हे उत्तर मला देववलं नाही.

तांबड्या समुद्राचंही तसंच. येमेनच्या हुथी बंडखोरांचे जहाजांवर हल्ले सुरू झाल्यावर बातमी कशाची? सुएझ टाळून आफ्रिकेला घातलेला वळसा, कंटेनरचं भाडं, तेलाचे भाव. ६ मार्च २०२४ ला 'ट्रू कॉन्फिडन्स' जहाजावर तीन खलाशी मेले. आपल्या आयएनएस कोलकाताने बाकीच्यांना पाण्यातून काढलं. मेलेल्या तिघांची नावं जगातल्या किती पेपरांनी छापली? फिलिपिनो आणि व्हिएतनामी खलाशाची किंमत बातमीच्या बाजारात किती ते आम्हा लोकांना चांगलं कळतं.

प्रा_कुलकर्णी

नाखवा, तुम्ही म्हणता तो फरक फेब्रुवारी २०२२ मध्ये उघड बोलला गेला होता. अमेरिकेच्या सीबीएस वाहिनीच्या चार्ली डी'अगाटा या वार्ताहराने कीव्हमधून बोलताना हे शहर इराक-अफगाणिस्तानसारखं नाही, त्यामानाने सुसंस्कृत आहे, अशा अर्थाचं विधान केलं. मग माफी मागितली. ती मनापासून असेलही. पण इतक्या अनुभवी माणसाच्या तोंडून ते थेट प्रक्षेपणात सहज निघतं, म्हणजे विचार न करता निघतं. तेच काळजीचं आहे.

वसंत_गोरेगाव

अवांतर होईल, पण बीबीसीला सरसकट झोडपताना आणीबाणी विसरू नका. आमचे वडील रात्री शॉर्टवेव्हवर बीबीसी लावत, आवाज अगदी बारीक करून, कारण आकाशवाणीवर काहीच कळत नसे. बीबीसीच्या मार्क टली यांना तेव्हा देश सोडावा लागला होता. इंदिराजी गेल्या तेव्हाही बीबीसीने आधी सांगितलं, आकाशवाणीने संध्याकाळी. त्या पिढीचा विश्वास उगाच बसलेला नव्हता.

सुमेधा_गिरगाव

वसंतराव, अवांतर नाही, अगदी विषयातलं आहे. कारण याच काळात भारत जगाला पाश्चात्त्य एजन्सींच्या मक्तेदारीविरुद्ध सांगत होता. जुलै १९७६ मध्ये दिल्लीत अलिप्त राष्ट्रांची परिषद भरली, आपापल्या वृत्तसंस्थांचा सामाईक 'पूल', म्हणजे बातम्यांची आपसांत देवघेव, करायचं ठरलं. मागणी अगदी योग्य होती. चार वर्षांनी युनेस्कोच्या मॅकब्राइड आयोगाने तेच मांडलं, आपले पत्रकार बी. जी. वर्गीस त्या आयोगावर होते. पण ज्या महिन्यात दिल्लीत ती परिषद झाली त्या महिन्यात इथे सेन्सॉरशिप होती, आणि पीटीआय, यूएनआय, हिंदुस्थान समाचार, समाचार भारती या चारही संस्था मोडून सरकारने 'समाचार' नावाची एकच केली होती. पूलवरून जी कॉपी यायची ती मंत्र्यांच्या गाठीभेटींची. ती छापणार कोण? आम्ही पुन्हा रॉयटर्सच लावायचो.

मला आजही याचं वाईट वाटतं. आपल्या नजरेने जग बघण्याची एक खरी संधी होती. सरकारांनी ती स्वतःच्या जाहिरातीसाठी वापरली. आज जो तो 'पाश्चात्त्य माध्यमं पक्षपाती' म्हणून स्वतःचं सरकारी चॅनल काढतो, तेव्हा मला ती कॉपी आठवते.

स्वाती_बोरिवली

आणि सरकारी नसलेलेही तसेच वागतात. भारत-पाकिस्तान संघर्षातली ८ मे २०२५ ची रात्र आठवा. आपल्या वाहिन्यांवर कराची बंदर उद्ध्वस्त, इस्लामाबादपर्यंत फौजा, काय काय चाललं होतं. सकाळी त्यातलं काहीच उरलं नव्हतं. युद्धाच्या काळात देशातल्याच लोकांना खोटं सांगणं यात कसली देशभक्ती?

अभय_पार्ले

स्वाती, यात मी पूर्ण तुझ्या बाजूने आहे. माझा मामेभाऊ सीमेवर होता. मामी रात्रभर टीव्हीसमोर बसून रडत होती. त्या आवाजात खरी बातमी कुठली हे तिला कोणी सांगू शकलं नाही. पाश्चात्त्यांवर माझा राग कायम आहे, पण या रात्रीचा राग त्याहून मोठा आहे.

मंजिरी_मुलुंड

बाडीस, म्हणजे बाय डिफॉल्ट सहमत.

कांजूरचा_किरण

नेपाळचं थोडं सांगतो. आमच्या कॅन्टीनमधला आचारी पोखराजवळचा. ८ सप्टेंबर २०२५ ला काठमांडूत संसदेबाहेर गोळीबार झाला, पहिल्याच दिवशी १९ जण गेले. दुसऱ्या दिवशी पंतप्रधान ओलींनी राजीनामा दिला. इथल्या चर्चांत राजेशाही परत येणार का, परकीय हात कोणाचा. आचारीदाजू मोबाइलवर नेपाळी बातम्या वाचून सांगत होता त्यात नेत्यांच्या मुलांची चैन, भ्रष्टाचार, २६ समाजमाध्यमांवरची बंदी. 'परकीय हात' म्हटलं की त्याला संताप यायचा. आमची पोरं स्वतःच्या डोक्याने रस्त्यावर येऊ शकत नाहीत का, असं विचारायचा. २०१५ च्या भूकंपात आपल्या चॅनलवाल्यांनी मातीखालून काढलेल्या लोकांच्या तोंडासमोर माइक धरले होते आणि 'गो होम इंडियन मीडिया' ट्रेंड झालं होतं, तेही त्याच्या अजून लक्षात आहे.

पण स्थानिक माध्यमं वाचा म्हणणाऱ्यांनी पुढचं लक्षात घ्यावं. ९ तारखेला जमावाने कांतिपूर या तिथल्या वृत्तसमूहाची इमारतच पेटवली. त्यांचं संकेतस्थळ बंद पडलं. ज्या दिवशी सर्वांत जास्त गरज, त्याच दिवशी तिथला पेपर बंद.

परळकर

इतके प्रतिसाद येतील असं वाटलं नव्हतं. सगळ्यांचे आभार, अभयरावांचेही.

किरण, ढाक्यातही तेच झालं. डिसेंबर २०२५ मध्ये जमावाने 'प्रथम आलो' आणि 'डेली स्टार' या दोन्हींची कार्यालयं पेटवली. सुमेधाताईंनी ज्या मोजणीचं कौतुक केलं ते हेच 'प्रथम आलो'. हसीनांच्या काळात त्यांना सरकारचे शत्रू म्हणत, आणि नंतर भारताचे दलाल म्हणून जाळलं. दोन्ही बाजूंना नकोसा झालेला पेपर मला वाचावासा वाटतो. माझ्या मूळ प्रश्नाचं निम्मं उत्तर मला इथेच मिळालं.

उरलेलं निम्मं माझं मी असं लावतोय. एक म्हणजे बातमी वाचताना ती कुठून पाठवली आहे हे आधी बघायचं. कोलंबोची बातमी दिल्लीहून लिहिलेली असेल तर तिला तेवढंच वजन. दुसरं, खालचे परिच्छेद आधी वाचायचे, सुमेधाताईंनी कापले असते ते. तिसरं जरा अवघड आहे. सरकार पडल्यावर सहा महिन्यांनी त्या देशाकडे पुन्हा बघायचं. श्रीलंकेत सप्टेंबर २०२४ मध्ये राष्ट्राध्यक्षपदी दिसानायके निवडून आले तेव्हा इथे सगळे चकित झाले, कारण २०२० च्या संसदेत त्यांच्या आघाडीचे तीनच खासदार होते. तरणतलावानंतर आपण तिकडे पाहिलंच नव्हतं. तिथले लोक दोन वर्षं काय बोलत होते हे कोणी दाखवलं नाही आणि आपण विचारलंही नाही.

अभयराव, एक विनंती. हिंदूंवरच्या हल्ल्यांची माहिती तुम्ही जमवत असाल तर 'प्रथम आलो'ची ती मोजणी आणि संयुक्त राष्ट्रांचा अहवाल, दोन्ही पूर्ण वाचाल का? मी ऐक्य परिषदेची यादी पूर्ण वाचतो.

अभय_पार्ले

वाचतो. पण तुम्हीही नोंदी नावानिशी वाचा, नुसता आकडा नको.

परळकर

नावानिशी वाचतो.

डोंबिवली_फास्ट

आज सीट सीएसएमटीलाच मिळाली, त्यामुळे पूर्ण धागा परत वाचला. एवढ्या चर्चेत सुदानवर एकच प्रतिसाद आणि त्यालाही कोणी पुढे काही विचारलं नाही. नाखवा, वेगळा धागा काढा ना. पोर्ट सुदानला काय बघितलं ते सविस्तर.

रेवसचा_नाखवा

काढतो. त्या इंजिनिअरचा नंबर आहे माझ्याकडे, आधी त्याला विचारतो काय लिहिलेलं चालेल. तुम्ही प्रश्न इथेच टाकून ठेवा, त्याच्यापर्यंत पोचवतो.

नसीम_कुर्ला

माझा पहिला प्रश्न: त्याचं कुटुंब कुठे आहे?

सुमेधा_गिरगाव

माझा: खार्तुममध्ये अजून कोणता पेपर निघतो का, आणि तो लिहितं कोण?